सामनेवाली क्रमांक दोन

माझ्या संगणकात घरगुती हिंसाचाराच्या अर्जाचा एक नमुना आहे. कोर्टात आणि माझ्या दुकानात या केसला सगळे डीव्हीच म्हणतात. नाव, पत्ता, लग्नाची तारीख, मुलं किती, एवढं भरलं की अर्ज तयार. या नमुन्यात सहाव्या परिच्छेदानंतर एकदम आठवा येतो. सातवा नाहीच. नवे वकील येतात आणि त्यांना वाटतं माझी चूक झाली. एकदोघांनी हौसेने आकडे सुधारूनही दिले. ते गेले की मी पुन्हा होतं तसं करून ठेवतो. त्या जागी पूर्वी काय होतं आणि ते कोणामुळे गेलं, हे सांगायचं तर चांगुणाबाईंबद्दल सांगावं लागेल.

उल्हासनगरच्या कोर्टासमोर माझं टायपिंग आणि झेरॉक्सचं दुकान आहे. दुकान म्हणजे एक संगणक, एक मशीन, एक स्टूल आणि पुढे फळी. शेजारी गोपीभाईंची दालपकवानची, म्हणजे सिंधी नाश्त्याची गाडी. बावीस वर्षं लोकांची भांडणं टाइप केली की माणूस वाचायचं बंद करतो, नुसती बोटं चालतात. हा नमुना मी तयार केलेला नाही. माझ्या आधी या जागेत बसणाऱ्या टायपिस्टकडून तो फळी आणि स्टुलासकट माझ्याकडे आला. त्यातला सातवा परिच्छेद असा होता : ‘सामनेवाली क्रमांक दोन ही अर्जदाराची सासू असून ती अर्जदारास टोचून बोलत असे, पोटभर जेवायला देत नसे व मुलाला तिच्याविरुद्ध भडकवत असे.’ सामनेवाला क्रमांक एक म्हणजे नवरा, क्रमांक दोन म्हणजे सासू. शेकडो सासवा मी या वाक्यात बसवल्या. बऱ्याच जणींना ते मापात बसलंही असेल. मी चौकशी केली नव्हती.

सविताचा अर्ज असाच झाला. ती अंबरनाथ पूर्वेची, दिलेली बदलापूरच्या बेलवलीत. नवऱ्याचं नाव नरेश. त्यांचं आडनाव मी लिहीत नाही, तिथे अर्धं गाव त्याच आडनावाचं आहे. नरेशने वडिलोपार्जित जमीन बिल्डरला दिली, आलेल्या पैशात डंपर घेतले, मग पिणं वाढलं, मग हात चालायला लागला. सविता मुलीला घेऊन बाहेर पडली. तिच्या वकील कविता मॅडम सिंधी. मराठी वाचतात चांगली, बोलतात हिंदीतून. त्या म्हणाल्या, “दादा, सास का नाम डालना पडेगा, घर उसके नाम पे है. बाद में देखेंगे.” सविताने हळूच विचारलं, “आईंचं नाव कशाला?” मॅडम तेवढ्यात फोनवर होत्या, म्हणून मीच उत्तर दिलं, “फॉरमॅट असतो ताई.” तिने अकरा ठिकाणी सह्या केल्या आणि अर्ज गेला.

नोटिसा निघाल्यावर पंधरा-वीस दिवसांनी, सकाळी साडेदहाच्या सुमारास एक म्हातारी फळीपुढे येऊन उभी राहिली. सत्तरीची, काटक, गुडघ्याच्या जरा खालपर्यंत येणारं आगरी पद्धतीचं लुगडं, काखेत छत्री आणि हातात चार पुडांचा स्टीलचा डबा. डबा तिने आधी फळीवर ठेवला, मग कनवटीतून अर्जाची प्रत जोडलेल्या नोटिशीची घडी काढली.

“बाला, हा वाचून दाखव.”

मी सुरू केलं. “दमान,” ती म्हणाली. “आधी माजा नाव कुठं हाय तो दाखव.” मी तिचं बोट धरून ‘चांगुणाबाई’ या नावावर ठेवलं. मी पुढची पानं वाचत गेलो तरी ते बोट त्या पहिल्या पानावरच होतं. मारहाणीची वर्णनं आली, तारखा आल्या, ती मान हलवत होती. ते तिला नवीन नव्हतं. सातव्यापाशी माझीच जीभ अडखळली. अर्जात काय आहे ते मला पाठ होतं, पण ज्या बाईबद्दल ते आहे ती समोर उभी राहून ऐकते आहे, असं आजवर झालं नव्हतं.

वाचून झाल्यावर तिने बोट काढून घेतलं. “परत वाच.”

मी परत वाचलं.

“जेवायला देत नसे?”

“मावशी, ही कोर्टाची भाषा असते. सगळ्यांच्याच अर्जात असतं.”

“सगल्यांच्या? मंग इतक्या सुना उपाशी, आनि कोर्टाला कवा डाउट नाय आला? कोनी लिवला?”

कविता मॅडमचं नाव सांगता आलं असतं. ते सोपंही होतं आणि अर्धं खरंही. पण तोंडातून आलं, “मी.” तिने नोटीस घडी करून फळीवर ठेवली. शिव्या आल्या असत्या तर बरं झालं असतं. तेवढ्यात मागून सविता फाइल घेऊन आली आणि सासूला पाहून जागच्या जागी थांबली.

“आई, मी वाचलं नव्हतं,” ती म्हणाली.

“तू वाचला नाय. मना वाचता येत नाय. आनि यानी न वाचता लिवला. म्हंजे तिघं सारखेच,” म्हातारी म्हणाली, आणि मग अगदी रोजच्या आवाजात, “जेवलीस काय?”

सविताने मान हलवली. म्हातारीने माझ्या फळीवरच डबा सोडला. तांदळाची भाकरी, वालाची भाजी, सुकटीची चटणी. सविताच्या हातावर भाकरी ठेवली आणि दुसरी माझ्यापुढे सरकवली. मी नको नको म्हणालो. “खा,” ती म्हणाली. खाल्ली. भाकरी मऊ होती आणि मला लाज वाटत होती. माझं अर्धं खाऊन होतंय तोवर तिने नोटिशीवर बोट आपटलं. “आता लिव. जेवायला दिला म्हनून.”

मी सांगितलं की एकदा दाखल झालेला अर्ज असा बदलता येत नाही, त्याला दुरुस्तीचा वेगळा अर्ज करावा लागतो, मग त्यावर तारीख पडते.

“मंग डोक्यात लिव,” चांगुणाबाई म्हणाल्या.

त्या दिवसापासून दोघी प्रत्येक तारखेला एकाच शेअर रिक्षातून यायला लागल्या. रिक्षातून आधी डबा उतरायचा, मग छत्री, मग चांगुणाबाई. कोर्टाच्या दारापर्यंत त्या सविताच्या बरोबर जायच्या. पुकारा झाला, ‘सामनेवाले क्रमांक एक,’ की कोणी उठायचं नाही. ‘सामनेवाली क्रमांक दोन’ झालं की “हाय, हाय” करत त्या सुनेचा हात सोडून समोरच्या बाजूला जाऊन उभ्या राहायच्या. अर्जदाराने इकडे, सामनेवाल्याने तिकडे ही रीत त्यांनी पहिल्याच दिवशी शिकून घेतली होती. पुढची तारीख मिळाली की दोघी पुन्हा एकत्र बाहेर.

मॅजिस्ट्रेट मॅडमना हे समजायला दोन तारखा गेल्या. त्यांनी विचारलं, “आजी, अर्जावर तुमचं म्हणणं काय आहे?”

“माजा काय म्हनना, सायेब. ती बोलते तो सगला खरा हाय. फकस्त जेवनाचा खोटा हाय.”

कोर्टातला क्लार्क हसला. मॅडम हसल्या नाहीत, पण त्यांनी मान खाली घालून काहीतरी लिहिलं.

आता हे ऐकल्यावर कोणीही म्हणेल की मग त्यांचं नाव काढून टाका. कविता मॅडमही म्हणाल्या, “मौसी, आपका नाम हटा देते हैं. आपको आना नहीं पडेगा.” चांगुणाबाईंनी साफ नाही म्हटलं. “नाव काढला तं मी कोन? बाहेरची. मंग बाकावर बसून रहायचा. आता पुकारा होतो, सायेब इचारते, मी बोलते. राहू दे नाव.” एवढ्या वर्षांत खटल्यात नाव राहू दे म्हणणारा सामनेवाला मी दुसरा पाहिलेला नाही.

त्यांना अक्षर येत नव्हतं, पण आपल्या केसचा नंबर बोर्डावर चेहरा ओळखावा तसा ओळखायच्या. तारीख सांगितली की लगेच गावच्या हिशेबात बसवायच्या, “म्हंजे जत्रेच्या आदल्या शनवारी.” एकही तारीख त्यांच्या डोक्यातून सुटली नाही. व्हरांड्यात बाकावर बसून त्या दुसऱ्या बायकांना कोणत्या टेबलावर काय विचारायचं ते सांगत. दुसऱ्या केसमधल्या सासवा आधी त्यांच्याजवळ येऊन बसायच्या, आपल्या गटातली म्हणून. दहा मिनिटांनी उठून दुसरीकडे जायच्या. डबा एकच असे, पण त्यात माणसं पुष्कळ मावायची. शिपाई, मी, कविता मॅडमची ज्युनियर, गोपीभाई. गोपीभाई बदल्यात दालपकवान पाठवायचे आणि सुकट खाताना डोळे मिटून “वाह अम्मा” म्हणायचे. प्रत्येकाला वाढून झालं की चांगुणाबाई माझ्याकडे बघून म्हणायच्या, “लिव.” मी कपाळाला बोट लावून लिहिल्यासारखं करायचो. हा आमचा खेळ होऊन बसला होता.

तरी एक कोडं मला सुटत नव्हतं, आणि मला एकट्यालाच नाही. ही बाई नेमकी कोणाच्या बाजूची? चहाच्या टपरीवर यावर वकिलांची मतं पडायची. एक म्हणाले, घर स्वतःच्या नावावर आहे, ते जाऊ नये म्हणून येते. दुसऱ्यांचं म्हणणं, तिला पोरानेच पाठवलंय, कोर्टात काय झालं ते त्याला इथून जाऊन सांगते. मी एकदा सविताला सरळच विचारलं.

ती झेरॉक्सचे कागद लावत होती. लावता लावता म्हणाली, “माझा हात मोडला ना दादा, तेव्हा आईंनीच रिक्षात घालून नेलं. मी डॉक्टरला सांगणार होते पायरीवरून पडले. आई मधेच बोलल्या, माझ्या पोराने मोडलाय, तसाच लिवा.”

“मग तो आता कुठे असतो ते त्यांना माहीत असेल.”

“असेल.”

“विचारत का नाही?”

“आई आहे ती त्याची. मी विचारलं तर तिला सांगावं लागेल.” कागद लावून झाले, तिने पैसे ठेवले आणि गेली.

नरेश कोर्टात एकदाही आला नाही. शेवटी एकतर्फी आदेश झाला, बायको आणि मुलगी मिळून महिन्याला आठ हजार पोटगी. आदेशाची प्रत हातात पडली त्या दिवशी सविता माझ्याकडून पेढ्यांसाठी सुटे पैसे घेऊन गेली. नव्या लोकांना वाटतं, आदेश झाला म्हणजे पैसे आले. ते दोन वेगळे रस्ते आहेत आणि दुसरा लांबचा आहे. महिने गेले, एक रुपया आला नाही. मग वसुलीचा अर्ज, त्याची नोटीस, मग पकड वॉरंट. सविता तोवर बदलापुरातच हेंद्रेपाड्यात एका खोलीत भाड्याने राहायला आली होती. अंबरनाथच्या एका कंपनीत पॅकिंगचं काम करायची आणि तारखेला तिचा खाडा व्हायचा. मुलगी आर्या सहावीत होती. फी थकली म्हणून शाळेने दोनदा चिठ्ठी पाठवली होती आणि घरमालकाने खोली सोडायला सांगितली होती. ही पोटगी आली नाही तर ती पुन्हा बेलवलीच्या घरात, म्हणजे नरेश कधीही येऊ शकेल अशा घरात जाणार, हे आम्हाला सगळ्यांना दिसत होतं. तीही तसं बोलायला लागली होती.

वॉरंट परत आलं. मागच्या बाजूला ठरलेलं वाक्य : ‘सदर इसम दिलेल्या पत्त्यावर मिळून आला नाही. शेजाऱ्यांकडे विचारता तो येथे राहत नसल्याचे समजले.’ मी ते चांगुणाबाईंना वाचून दाखवलं.

“खरा हाय,” त्या म्हणाल्या. “तिथं तो नाय राहत.”

मॅजिस्ट्रेट मॅडमनी विचारलं, “आजी, मुलगा कुठे राहतो?”

“त्यानी मना घर नाय दाखवला, सायेब.”

हेही खरं असणार. त्या खोटं बोलत नसत, पण विचारलं त्याच्या पुढे एक पाऊलही जात नसत. त्याच दिवशी त्यांनी कमरेची पिशवी सोडून रुमालात बांधलेल्या नोटा क्लार्कच्या टेबलावर ठेवल्या. त्या बदलापूरच्या बाजारात भाजी विकायच्या, तिचे पैसे. मॅडम म्हणाल्या, “हे तुम्ही नाही भरायचे आजी. त्याने भरायचे आहेत.” चांगुणाबाईंनी रुमाल पुन्हा बांधला. बाहेर येऊन सविताच्या हातात दिला, आर्याच्या फीसाठी. सविताने घेतला. वॉरंट पुन्हा निघालं, पुन्हा तेच वाक्य घेऊन आलं. तिसऱ्यांदाही तेच.

एका दुपारी त्या माझ्या स्टुलावर बसल्या होत्या. सविता आत कोर्टात गेली होती. त्यांचा बटणांचा फोन वाजला. त्यांनी तो दोन्ही हातांनी कानाला धरला. “हां. हां बाबू. जेवलास काय?” मग बराच वेळ नुसतं ऐकणं. “बरा बरा,” म्हणून फोन ठेवला आणि माझ्याकडे पाहिलं. मी कीबोर्डकडे बघत होतो.

“डोक्यात लिवलास?”

“नाही मावशी.”

“मंग लिवू नको.”

नाही लिहिलं. कविता मॅडमना सांगावं असं दहा वेळा मनात आलं. आर्याचा विचार केला की आपण पाप करतोय असं वाटायचं, आणि त्या दोन हातांनी धरलेला फोन आठवला की गप्प बसावंसं वाटायचं. मी गप्प बसलो. बरोबर केलं की चूक, ते आजही मला माहीत नाही.

त्यानंतर दीडेक महिन्याने, तारीख नसताना, चांगुणाबाई एकट्याच आल्या. डबा होता, पण फळीवर ठेवला नाही, मांडीवर घेऊन बसल्या. “बाला, तू खरेदीखताचे कागद पन करतोस ना? हक्क सोडायचा कागद कसा होतो?”

बेलवलीत त्यांच्या नावावर चार गुंठे उरले होते. बाकीची सगळी जमीन गेली होती. नरेशला ते हवे होते आणि त्यासाठी आईचा अंगठा हवा होता. कागद त्याने तयार करून घेतले होते.

“मी घरातच अंगठा दिला तं?”

“नाही चालत. नोंदणी कचेरीत जावं लागतं. तिथे कॅमेरा असतो. देणारा आणि घेणारा दोघांनी समोर बसायचं, फोटो काढायचा, मशीनवर अंगठा लावायचा.”

“दोघांनी?”

“दोघांनी.”

“म्हंजे त्याला सोताला यावा लागंल. मानूस धाडून नाय चालनार?”

“त्याच्या नावावर करायचं तर त्यालाच बसावं लागेल.”

हे त्यांनी मला तीन वेळा विचारलं. मला वाटलं जमीन जाणार म्हणून घाबरल्या आहेत. मी समजावायला लागलो की मावशी, अंगठा द्यायची तुमच्यावर जबरदस्ती नाही. त्या ऐकत नव्हत्या. गोपीभाईंनी चहा पाठवला, तो निवला. तासभर त्या तशाच बसल्या. डबा उघडला नाही, मला जेवलास का म्हणून विचारलं नाही. मग म्हणाल्या, “लिव.”

मी सवयीने कपाळाला बोट लावलं.

“नाय. आज कागदावर लिव.”

त्यांनी सांगितलं तसं मी टाइप केलं. “मी, सामनेवाली क्रमांक दोन, लिहून देते की माझा मुलगा, सामनेवाला क्रमांक एक, येत्या गुरुवारी दुपारी बारा वाजता माझा अंगठा घेण्यासाठी नोंदणी कचेरीत येणार आहे. मी तिथे असेन.” मी थांबलो. त्या म्हणाल्या, “आनि असा लिव का हे मी माज्या मनानी सांगतेय. सुनेनी इचारला नाय.” तेही लिहिलं. मी शाईचं पॅड पुढे केलं, त्यांनी अंगठा उठवला. मग माझ्या पाण्याच्या बाटलीतलं पाणी घेऊन तो बराच वेळ धूत राहिल्या.

कविता मॅडमनी कागद वाचला, चष्मा काढला, पुन्हा घातला. एरवी त्या प्रत्येक कागदावर काही ना काही बोलतात. त्या दिवशी म्हणाल्या, “दादा, इसकी झेरॉक्स मत निकालना.” वॉरंट नव्याने निघालं आणि दोन हवालदारांबरोबर गुरुवार ठरला.

हक्क सोडायच्या कागदाला ओळख पटवणारे साक्षीदार लागतात, म्हणून चांगुणाबाईंनी मला बरोबर चल म्हटलं. नरेशला मी तेव्हा पहिल्यांदा पाहिलं. त्याच्याबद्दल इतकं टाइप केलं होतं की कोणीतरी अक्राळविक्राळ येईल अशी माझी कल्पना. आला तो पांढरा शर्ट घातलेला, नीट भांग पाडलेला, हसरा माणूस. आईला कोपराला धरून जिना चढवला. पंख्याखालची खुर्ची रिकामी करून घेतली, खाली जाऊन थंड पाण्याची बाटली आणली. “आई, प्रेशरची गोळी घेतली का?” त्याने विचारलं.

“घेतली. तू जेवलास काय?”

“नंतर जेवू ना, हॉटेलात. तुला मच्छी खायला घालतो.”

चांगुणाबाईंनी उजव्या हाताची मूठ वळली होती आणि अंगठा आत धरला होता. मी त्या मुठीकडेच बघत होतो. नंबर पुकारला. दोघं कॅमेऱ्यासमोर बसले. नरेशचा फोटो झाला, अंगठा झाला. ऑपरेटर म्हणाला, “आजी, आता तुमचा.” त्यांनी मूठ उघडली नाही. “थांब,” म्हणाल्या. “आजी, लाइन आहे मागे,” तो म्हणाला. नरेश हसून त्यांचा हात हातात घ्यायला गेला, आणि जिन्यावरून दोन्ही हवालदार वर आले.

नरेशने त्यांच्याकडे पाहिलं, वॉरंटाच्या कागदाकडे पाहिलं आणि मग आईकडे पाहिलं. आरडाओरडा केला नाही. “आई?” एवढंच म्हणाला.

“जा बाबू. कोर्टात जा. मी येते मागून.”

तीन वाजता त्याला मॅजिस्ट्रेट मॅडमसमोर उभं केलं. दोन वर्षांत पहिल्यांदा ‘सामनेवाले क्रमांक एक’ पुकारल्यावर तिथे कोणीतरी होतं. शेजारी नेहमीसारख्या क्रमांक दोन. पलीकडे सविता. नरेश म्हणाला, काम नाही, डंपर मित्राचे आहेत, पैसे नाहीत. मॅडमनी विचारलं, काम नाही तर जमीन नावावर कशाला लावून घेत होतात? थकबाकी भर, नाहीतर आत जा, असा आदेश झाला. त्याने भरली नाही.

पुढचं थोडक्यात सांगतो. पैसे नाहीत म्हणणाऱ्या माणसाच्या मित्राने आठ दिवसांत निम्मी रक्कम भरली आणि तो सुटला. उरलेल्याचे हप्ते पडले. चालू महिन्याची पोटगी सविताच्या खात्यात येते, कधी उशिरा, पण येते. तिने खोली सोडली नाही, आर्या आता आठवीत आहे. चार गुंठे अजून चांगुणाबाईंच्या नावावर आहेत. नरेश त्यांना फोन करत नाही, असं सविता सांगत होती. तारखा संपल्या, त्यामुळे चांगुणाबाईंचं येणं संपलं. मी त्यांना पुन्हा पाहिलेलं नाही. बेलवलीला जाऊन यावं असं मनात येतं आणि राहून जातं. नमुन्यातला सातवा परिच्छेद मी त्या गुरुवारच्या दुसऱ्या दिवशी दुकान उघडल्या उघडल्या काढून टाकला. आता सासूबद्दल लिहायचं असेल तर मी आधी सुनेला विचारतो आणि ती सांगेल तेवढंच लिहितो.

त्या कोणाच्या बाजूच्या होत्या, हे मी अजून टपरीवर कोणाला सांगू शकलेलो नाही. मी फक्त त्या गुरुवारचे साडेचार सांगू शकतो.

आदेश झाल्यावर नरेशला व्हरांड्याच्या टोकाला बसवलं होतं. गाडी यायची होती. चांगुणाबाई रस्ता ओलांडून माझ्याकडे आल्या. हातात सकाळचाच डबा, अजून न उघडलेला.

“हवालदार बोलतो बाहेरचा जेवन देता येनार नाय. सायबाला इचारावा लागंल. सकालपासून त्यानी काय खाल्ला नाय.” त्या स्टुलावर बसल्या. “लिव.”

मी नवं पान उघडलं. इतक्या वर्षांत पहिल्यांदा एकेक शब्द वाचत टाइप केला. ‘सामनेवाली क्रमांक दोन हिला, सामनेवाला क्रमांक एक यास जेवायला देण्याची परवानगी मिळावी.’ वाचून दाखवलं. त्यांनी बोट ठेवून आपलं नाव कुठे आहे ते विचारलं, मग मूठ उघडून अंगठा उठवला. मॅजिस्ट्रेट मॅडमनी तो कागद दोनदा वाचला आणि सही केली.

सविता बाकाच्या दुसऱ्या टोकाला बसली होती. चांगुणाबाईंनी डब्याचा वरचा कप्पा तिच्या मांडीवर ठेवला. मग खालचा घेऊन पोरासमोर जमिनीवर बसल्या. हवालदाराने त्याचा उजवा हात सोडला. त्याने आधी तोंड फिरवलं. त्यांनी भाकरी मोडून पुढे धरली. मग त्याने घेतली आणि भिंतीकडे बघत खायला लागला. भूक लागली होती त्याला. चांगुणाबाई तो कसा खातोय तेवढंच बघत होत्या.

“आनखी देऊ?” त्यांनी विचारलं. मग अर्धी भाकरी त्याच्यापुढे ठेवली, वर चटणी ठेवली आणि मान वळवून दाराशी उभ्या असलेल्या माझ्याकडे पाहिलं. मी कपाळाला बोट लावलं. या वेळी त्या ‘लिव’ म्हणाल्या नाहीत.